आईनं न झाडलेली खोली

सत्तरच्या आसपासची गोष्ट. हुडकेश्वर तेव्हा नागपूरला चिकटलं नव्हतं; आमच्या घरापुढे तूर आणि कपाशीच होती. चित्रकला शिकायला मी बडोद्याला निघाले तेव्हा बैलगाडी दाराशी उभी होती, आणि खोलीत माझा पसारा: पेन्सिलींची सालं, चित्रं गुंडाळताना फाटलेले कागद, शिदोरीतून सांडलेला चिवडा. काकूनं झाडू उचलला, तर आईनं तिचा हात धरला.

"आत्ता झाडू नोको वं. पोरीले पोचू दे."

माणूस गावाला गेल्यावर लगेच केर काढत नाहीत. लगेच झाडतात ते तिरडी उठल्यावर. बाकीच्या घरांत हे संध्याकाळपर्यंत पाळतात, पण आमची आई पडली हट्टाची. माझं पोचल्याचं कार्ड येईपर्यंत तिनं खोलीला झाडू लावू दिला नाही. चिवड्याला मुंग्या लागल्या, बाबा चिडले, तरी नाही. पुढे मी दिल्लीत नोकरी धरली, सुट्टीत येत-जात राहिले, आणि दर वेळी हेच.

दिल्लीत मी त्या खोलीची सारवलेली जमीन रंगवत बसायचे. गेरू, पिवळी माती, राख. कॅनव्हास काही केल्या जमीन होईना. शेवटी गावची माती पोत्यानं आणली, एका आर्ट गॅलरीत खरीच जमीन सारवली आणि तिच्यावर तसाच केर पसरला. पेपरवाल्यांनी त्यात स्मृती पाहिली, अस्मिता पाहिली, इन्स्टॉलेशन म्हणून कौतुक केलं. मी आईला मुद्दाम बोलावून घेतलं होतं. ती केराभोवती एक फेरी मारून आली.

"एवढा केर काहून ठेवला वं? कोण गेलं?"

"मीच गेले ना, आई."

ती खुर्ची ओढून बसली. संध्याकाळी सफाईवाला सवयीनं झाडू घेऊन पुढे आला, तशी ती उठून त्याला आडवी गेली.

"मत झाडो, भैया. पोरगी अजून पोचली नाही."

मी तिच्या शेजारीच उभी होते. मला रडू आवरेना.

आई गेली त्या दिवशी तिरडी उठल्याबरोबर काकूनं घर झाडून काढलं. रीतच आहे, पण तो आवाज मला सहन झाला नाही. तेराव्यानंतर निघताना फाटकातून मागे वळून पाहिलं. वहिनी पायरीवर बसली होती आणि झाडू भिंतीला टेकवलेला होता. "पोचल्यावर कळवजा, ताई," एवढंच म्हणाली.

माझ्यासारखे गाव सोडून आलेले भेटले की घराचा विषय निघतोच. कुणाला अंगण आठवतं, कुणाला विहीर. मला घर म्हणजे माझ्यामागे पडून राहिलेला केर. आता गावातल्या किराणा दुकानात फोन आलाय. दिल्लीच्या स्टेशनवर उतरल्या उतरल्या कळवता येतं.

वहिनी, हे वाचशील तर रागावू नकोस. मी दर वेळी एक दिवस उशिरा फोन करते.