मामीचा ग्राइंडर

माहितीपट काढायचे म्हणजे लोकांच्या घरात शिरायचं आणि वर त्यांनाच सांगायचं, की मी इथे नाहीच असं समजा. या एका थापेवर माझं आयुष्य निघालं. आता वीट आलाय. तंजावूरजवळच्या तिरुवैयारूच्या स्टँडवर बसमधून ट्रायपॉड उतरवताना गुडघे कुरकुरतात आणि वाटतं, पुरे झालं.

शेवटचा घेतला तो आमच्याच माणसांवर, तंजावूरच्या मराठी घरांवर. पिढ्यान् पिढ्या इथे राहून काय टिकलं, काय बदललं, असा विषय. मुंबईची एक वाहिनी तो घेणार होती. अर्धं काम बघून त्यांचा निरोप आला, की घरं फारच आजची दिसतायत, स्वयंपाकघरात काहीतरी जुनं दाखवा, नाहीतर आम्हाला घेता येणार नाही. अरे बाबांनो, विषय काय ठरला होता आपला! पण भांडायचं त्राण नव्हतं. हाही हातचा गेला तर या वयात मला कोण काम देणार होतं?

तिरुवैयारूला मामीकडे गेलो. मामा गेल्यापासून ती एकटीच असते. इडलीचं पीठ ग्राइंडरवर लावते आणि तोवर खुर्चीत बसून तमिळ मालिका बघते. मी चाचरत अडचण सांगितली. परसातल्या दगडी रगड्यावर आता कढीपत्त्याची कुंडी असते. मामीनं ती मुकाट्यानं खाली ठेवली, पदर खोचला आणि आपल्या जुन्या वळणाच्या मराठीत विचारलं, "कोठे बसूं, सांग. उजेड कोठून हवा तुज?"

लहानपणी जिच्या हातचं खाल्लं, तिला मी नाटक करायला लावत होतो. मेल्याहून मेल्यासारखं झालं. म्हटलं, राहू दे मामी, मसणात गेली ती वाहिनी. मग ग्राइंडर, मालिका, मामी, सगळं जसं होतं तसं घेतलं.

वाहिनीनं नाकारलं. इकडे मामीनं अख्ख्या गल्लीला सांगून ठेवलेलं, आणि कधी दाखवणार म्हणून तिचे फोनवर फोन. शेवटी जाऊन सांगून टाकलं, की टीव्हीवर येणार नाही आणि मीही आता हे काम थांबवतोय. तिनं कॉफी पुढे केली. म्हणाली, मग आपण दोघं बघू, लाव.

लॅपटॉपवर लावलं. स्वतःला बघून ती आधी खुदकन हसली. मग पडद्याकडे वाकली. पडद्यावर ती खुर्चीचा हात धरून उठत होती. पहिल्यांदा जमलं नाही, परत बसली, मग उठली.

"एवढी म्हातारी झाले मी?" ती म्हणाली. "तू बोललाही नाहीस."

ते उठणं मीच टिपलं होतं, आणि टिपताना माझं सगळं लक्ष मागचा ग्राइंडर चौकटीत येतोय का, याकडे होतं.

"मलाही आत्ताच दिसलं, मामी."