धाकट्यांची निवडणूक

अलिबागेजवळच्या आमच्या गावात हरेश्वर नावाचं कुणी राहतं, हे निम्म्या गावाला ठाऊक नव्हतं. सगळे त्यांना ‘धाकटे’ म्हणत. थोरले बंधू आप्पासाहेब स्वातंत्र्यासाठी तुरुंगात जाऊन आलेले, पुढे आमदार झालेले. शाळेला वडिलांचं नाव. धाकट्यांनी स्वतः उभं राहून गावची विहीर उपसून घेतली, तरी लोक म्हणाले, “आप्पासाहेबांची कृपा!”

एकसष्ट साली धाकटे ग्रामपंचायतीला उभे राहिले. आप्पासाहेबांनी मुंबईहून सांगून पाठवलं, “तुझ्यासाठी एक सभा घेतो.”

“नको,” धाकटे म्हणाले. “एकदा तरी माझ्या नावावर निवडून यायचंय.”

मारुतीला नारळ फोडला आणि पत्रकावर स्वतःचं नाव एवढं मोठं छापलं, की निशाणी कोपऱ्यात अंग चोरून बसली. सगळी भिस्त समुद्रकाठच्या खारातल्या भातशेतीवाल्यांवर. समोर नारळाचे व्यापारी बाळाजी. त्यांची माणसं वरच्या बागायतीतली.

मतदान आलं नेमकं अमावास्येला. भात पोटरीत, कणसं धरायच्या बेतात होतं. दुपारी उधाणाच्या भरतीनं खाराचा बांध फुटला. अशा वेळी खारातली सगळी माणसं मातीच्या पाट्या घेऊन धावतात, नाहीतर समुद्राचं पाणी शिरून पीक जातं. बातमी आली तेव्हा धाकटे शाळेपाशी नमस्कार करत उभे होते. रांगेतली त्यांची माणसं त्यांच्या तोंडाकडे बघू लागली. ‘आधी मतं द्या’ म्हणाले असते, तर बिचारी थांबलीही असती.

धाकट्यांनी धोतर खोचलं. “बघता काय? चला!”

रांग रिकामी झाली. बागायतीतली मंडळी निवांत मत देऊन घरी जेवायला गेली.

बांधावर धाकटे उभ्यानंच सूचना देऊ लागले, तशी चिखलात कमरेपर्यंत रुतलेली खारातली मनुबाई ओरडली, “आरं हरेश्वर, भाषान करतोस काय? पाटी दे हिकडं!”

गावात पहिल्यांदा कुणी नावानं हाक मारली होती. धाकटे पाट्या अशा देऊ लागले, की पुढच्यांना उसंत मिळेना. बांध सावरला तोवर मतपेट्यांना सील लागलं होतं.

संध्याकाळीच मोजणी होऊन बाळाजी निवडून आले. धाकटे मात्र घरी आले ते हसत. “मनुबाईनं मला हरेश्वर म्हटलं!”

त्यांच्या पत्नी गोदावरीवहिनींनी अंगणातच पाण्याची बादली पुढे केली. “म्हटलं ना? मग तिनं मतही दिलं असेल.”

“ती कशी देईल? बांधावर होती.”

“आणि तुमचं स्वतःचं?”

धाकट्यांनी अख्खी बादली पायांवर रिकामी केली. मग म्हणाले, “पुढच्या खेपेला मतदान ओहोटीला ठेवायला सांगू.”