बारा चिठ्ठ्या

आमच्या वाचनालयातल्या बारा संगणकांना त्यांच्या जन्मदात्या कंपनीनेच वानप्रस्थ दिला होता. नवी प्रणाली या वयाच्या यंत्रांना पेलणार नाही, असा तिचा निर्वाळा होता. तीच प्रणाली त्यांच्यावर चालवून दाखवली एका निगर्वी दुरुस्तीकाराने. त्याला आम्ही वाचक यंत्रवैद्य म्हणत असू. यंत्र आणि प्रणाली यांच्यामध्ये तो एक छोटीशी आज्ञावली बसवी. तिला तो ठिगळ म्हणे. प्रत्येक अपडेटने ते ठिगळ उसवे आणि पुन्हा घातले नाही, तर पडदा काळाच राही. म्हणून प्रत्येक पडद्याच्या कडेला त्याच्या टपोऱ्या अक्षरांतली चिठ्ठी असे : ‘अपडेट विचारले तर नंतर म्हणा. मला हाक मारा.’ स्वतः तो अपडेट आधी घरच्या यंत्रावर घेई, आठवडाभर न्याहाळी, मगच येथे हात लावी. नऊ वर्षांत एकही पडदा विझला नाही. हीच त्याची पुण्याई.

ग्रंथपाल हा त्याचा सख्खा मेहुणा. हातचे काही न राखता ही विद्या त्याने दिली, ती या एकालाच.

पाहणी समिती आली त्या सकाळी बाराही पडदे काळे होते. चिठ्ठी एकावरही नव्हती.

“भाऊजींना किती सांगितलं,” ग्रंथपाल समितीला म्हणत होता, “आजोबांच्या पायांत नातवाचे बूट घातले, म्हणून आजोबा धावणार थोडेच?”

समिती खळखळून हसली. यंत्रवैद्याने पहिले यंत्र पेनड्राइव्हवरून उघडले आणि आतली नोंद वाचली. आदल्या दुपारी बाराही यंत्रांवर ओळीने अपडेट घेतले गेले होते. परवलीचा शब्द ग्रंथपालाचा.

मी शेजारच्या कपाटापाशीच उभा होतो.

“का रे?” त्याने मेहुण्याला हलकेच विचारले.

“चालती यंत्रं बघून नवी कोण देतं, भाऊजी? तुमचं ठिगळ फार चांगलं, तीच तर अडचण! यंत्रं थकली, एवढं म्हणा की. तुमचं काय जातंय?”

“यंत्रं थकली म्हणालोही असतो. चिठ्ठ्या का काढल्यास?”

चिठ्ठ्या असत्या तर चूक अपडेट घेणाऱ्याची ठरली असती; त्या नसताना ती ठिगळ घालणाऱ्याची ठरत होती.

“सुरू होतील का हो?” अध्यक्षांनी विचारले.

“होतील.”

तो एकेका यंत्रापुढे बसत गेला. दुपारपर्यंत बाराही पडदे उजळले. समितीने शाबासकी दिली, ग्रंथपालाची नव्या यंत्रांची मागणी बाजूला ठेवली आणि ती निघून गेली. घडल्या प्रकाराबद्दल त्याने चकार शब्द काढला नाही.

मग त्याने बारा नव्या चिठ्ठ्या लिहिल्या, चिकटवल्या आणि ठिगळाचा पेनड्राइव्ह मेहुण्याच्या टेबलावर ठेवला.

“तुला येतंच सगळं.”

त्यानंतर तो वाचनालयाची पायरी चढला नाही. अक्षर अजून त्याचेच आहे; मजकूर तेवढा बदलला : ‘ग्रंथपालांना हाक मारा.’