शेवटची पाकळी

आमच्या गल्लीतला झेरॉक्सवाला शाळेच्या पोरांना कार्डशीटचे घन आणि पिरॅमिड करून देतो. आकृती आखतो, कापतो, घड्या घालतो. शेवटची पाकळी चिकटवण्याआधी मात्र फटीला ओठ लावून आत काहीतरी पुटपुटतो.

"आत काय बोलता?" मी एकदा विचारलं.

"ज्याला द्यायचं त्याचं नाव. शेजाऱ्याची वाटी रिकामी परत धाडतो का आपन, ताई? तसंच हे."

तेव्हापासून त्यानं माझ्या मुलीला करून दिलेला घन मी कपाटावरून हलवलेला नाही.

काल लाइटबिलाची झेरॉक्स काढायला गेले. तो एका मोठ्या पिरॅमिडवर वाकला होता आणि आत माझं नाव सांगत होता.

"अहो, मी कुठं काय मागितलंय?"

त्यानं पाकळी बोटानं दाबून धरली.

"न्हाय की. पण आता आत गेलं, ताई."