गुळाची वेस

"आरं हाकला तिला! हाकला! वेस खातीया ती, वेस!"

एका हातात धोतराचा सोगा आणि दुसऱ्या हातात चप्पल घेऊन आबा पळत होते. ओरडणं असं, की तिकडं अंथुर्ण्यात लोकांनी आपापली जनावरं मोजून घेतली असतील. आमच्या गावात शिरताना दगडी कमान लागायची, तीच आमची वेस. त्या कमानीत एक काळीभोर मुऱ्हा म्हैस डोळे मिटून उभी होती आणि तिची जीभ दोन दगडांच्या सांध्यात पार मुळापर्यंत आत गेली होती.

"कुणाची हाय ही अवदसा?" आबा गरजले.

"तुमचीच हाय, आबा," मी म्हणालो.

आबा नात्यानं माझे चुलत चुलते. उसानं त्यांना पैसा दिला, कोंबड्यांनी तो वाढवला आणि बारामतीकडच्या एका खडकाळ माळाला असा काही भाव आला की पैसा ठेवायला घर पुरेना. एवढा पैसा झाल्यावर आमच्याकडं माणूस मंगल कार्यालय काढतो, नाहीतर फेटा बांधून चौकातल्या फ्लेक्सवर चढतो. आबांना मात्र जुन्या दगडांचा लळा लागला. शेळगावच्या वाटेवर एका बांधाला वीरगळ पडला होता, म्हणजे लढाईत कामी आलेल्या वीराचा कोरीव दगड. आबांनी तो उभा केला, त्यावर पत्र्याची शेड घातली आणि आत पंखा लावला. "लढून दमलेला गडी हाय," म्हणाले. एकदा कुणीतरी विहिरीवरचा गंजका पाइप तोफ म्हणून त्यांच्या गळ्यात मारला. आबांनी त्याला चौथरा बांधला, भोवती साखळी लावली, दसऱ्याला हार घातला. पाइप आहे हे कळल्यावरसुद्धा चौथरा हलला नाही. "आज न्हाय जुना, तर हुईल की! घाई काय हाय?"

वेशीची गोष्ट मात्र थट्टेची नव्हती. तिची कमान कधीच ढासळली होती, नुसते दोन खांब उरले होते. जत्रेला देवाची पालखी वेशीखालून जायची ही आमची रीत. पण देवाला पडक्यातून कसं न्यायचं, म्हणून पालखी पिठाच्या गिरणीमागून वळसा घालायची. सरपंच म्हणाले, खांब पाडू, ऊसतोडीचं मशीन तरी गावात येईल. त्यावर भर ग्रामसभेत आबांनी मिशीवर हात ठेवला.

"या जत्रंला पालखी कमानीखालनं न्हाय गेली, तर ही मिशी उतरवीन! आन् वेस पाडायला जेसीबी माझाच दीन!"

सभा गार पडली. ती मिशी काही साधी नव्हती. आबा मोटारसायकलवर बसले की समोरून येणारी एसटी बाजूला थांबायची.

आबांनी साताऱ्याकडून एक गवंडी आणला. सिमेंटला हात लावायचा नाही, जुन्या पद्धतीनं चुन्यातच बांधायचं, असं ठरलं. गवंड्यानं दगडी चाकाच्या घाणीत चुना मळला, त्यात हिरडा घातला, बेलफळाचा गर घातला आणि म्हणाला, "आता घमेल्याला मूठभर गूळ."

"मूठभर?" आबांचा चेहरा पडला. "आवं, ह्यो उसाचा मुलूख हाय. देवाच्या वेशीला मूठभर गूळ घातला, तर लोकं त्वांडात श्यान घालतील!"

खरंच आहे ते. आमच्याकडं चहा कमी गोड झाला म्हणून ठरलेली सोयरीक मोडते. आबांनी घमेल्याला एक ढेप टाकली. ते बघून गावाला राहवेना. ज्याच्या त्याच्या घरून ढेप यायला लागली. वेस पाडायला निघालेल्या सरपंचांनीही दोन ढेपा पाठवल्या. "आमची बी पडू द्या. उगं आमी कंजूष दिसायला नकू."

"मालक, चुना हाय ह्यो, लापशी न्हाय," गवंडी म्हणाला. पण त्याचं कोण ऐकतो?

कमान उभी राहिली खरी, पण चुना आळेना. बोट लावलं की तार निघायची. सुप्याच्या माळावरच्या मुंग्या बिऱ्हाडं मोडून आमच्याकडं राहायला आल्या. मधमाश्यांनी फुलं सोडली. जत्रेच्या आदल्या दिवशी कमानीखालचा लाकडी आधार काढला. कमान जरा कण्हली, पण उभी राहिली. आबांनी पेढे वाटले. आधीच सगळ्यांची तोंडं वेस चाखून गोड झालेली, त्यामुळं पेढे कुणाला गोड लागेनात.

आणि जत्रेच्या सकाळी म्हशीनं दावं तोडलं.

आम्ही तिला शेपटीकडून ओढलं, शिंगाकडून ढकललं, समोर सरकी पेंडीची पाटी धरली. ती बया हलेना. अखेर आख्खी तालीम तिच्या कासऱ्याला लागली. एकदाचा जोर बसला आणि म्हैस निघाली. सांध्यातला दगडही तिच्या जिभेला चिकटून निघाला! "पळा!" मी ओरडलो. सगळे मागं पळाले. कमान मात्र धाडकन पडली नाही. जेवून सुस्तावलेला पाहुणा जसा हळूच लोडाला टेकतो, तशी ती खाली बसली. धूळ उडाली नाही. चुन्यात ओल होती ना.

सरपंच न्हाव्याला घेऊनच आले. आबा पुढं झाले. पडलेल्या दगडावर बसले आणि मान वर केली. एकच अट घातली, मिशी फेकायची नाही. ती बरणीत भरून त्यांनी तोफेच्या चौथऱ्यावर ठेवली. जुनी वस्तू होती शेवटी.

न्हावी बाजूला झाला तेव्हा सरपंचांनी आबांचा उघडा पडलेला ओठ पाहिला. तो लहान बाळासारखा थरथरत होता. सरपंचांनी नजर वळवली आणि उगीच चुन्याचं बोट चाटलं.

"जेसीबी ऱ्हाऊ द्या, आबा. पुढच्या जत्रंपत्तुर खांब हायती तसं ऱ्हातील. पण गूळ माझ्या हातानं पडंल, मूठभरच."

पालखी गिरणीमागून गेली. संध्याकाळी मी आबांना घरी सोडायला गेलो. काकी गोठ्याच्या दारात चरवी घेऊन उभ्या होत्या. त्यांनी आबांच्या तोंडाकडं एकदा पाहिलं आणि चरवी विसळायला घेतली.

आबा उंबऱ्यावर बसले.

"कमान गेली. मिशी गेली. गावात त्वांड दावायची सोय ऱ्हायली न्हाय. आता माजं ऱ्हायलंय तरी काय?"

काकींनी चरवी त्यांच्यासमोर ठेवली.

"म्हशीची धार ऱ्हायलीय."