शिवकन्याचा निखळता खांदा

शिवकन्या केज-नेकनूर गाडीवर कंडक्टर. कॉलेजात कबड्डी खेळताना तिचा उजवा खांदा पहिल्यांदा निखळला. हाडवैद्यानं तो बसवला, हात हलायला लागला आणि घरच्यांच्या लेखी विषय मिटला. पण खांदा सैल झाला तो झालाच. पुढं कपडे वाळत घालताना निखळला, एकदा तर नुसता आळस देताना. दात आवळून ती स्वतःच तो आत ढकलायची. नोकरी जाईल या धास्तीनं कुणाला सांगायची नाही.

एका बाजारच्या दिवशी नेकनूरच्या अलीकडं बैल आडवा आला. ड्रायव्हर आप्पारावांनी करकचून ब्रेक दाबला. वरचा दांडा धरून उभ्या शिवकन्याचा हात मागं राहिला, अंग पुढं गेलं. खांदा बाहेर आला आणि या खेपेला काही केल्या आत जाईना.

"वढा, एक झटका द्या!" दोघं-तिघं सरसावले.

"कुनी हात लावू नका!" केजला फळं विकणाऱ्या अजमतबी मागच्या सीटवरून कडाडल्या. "माझ्या भावाचा हात असाच वढला, आजून बोटं हालत न्हाईत." त्यांनी आपल्या ओढणीनं शिवकन्याचा हात होता तसा छातीशी बांधला. आप्पारावांनी गाडी थेट दवाखान्यात नेली.

खांदा बसवल्यावर एमआरआयचे फोटो पाहून डॉक्टर स्वप्ना म्हणाल्या, "खांदा म्हणजे उथळ बशीत बसलेला चेंडू. तुमच्या बशीची कड पहिल्याच वेळी फाटलीय. म्हणून तो पुन्हापुन्हा घसरतो."

"मी नीट जपलं न्हाई म्हणून?"

"नाही हो. तुमची काही चूक नाही. कड दुर्बिणीतून शिवता येते. हाड अजून फार झिजलेलं नाही, वेळेत आलात."

शिवकन्याला तिथंच रडू आलं. इतकी वर्षं तिला वाटायचं, आपलंच अंग लेचंपेचं.

अंबाजोगाईला ऑपरेशन झालं. हात गळ्यातल्या झोळीत असेतोवर आई वच्छलाबाई तिची वेणी घालायची, अन् रोज कुरकुरायची, "लई गुंता करतीस." मग व्यायाम सुरू झाला. दाराच्या कडीला बांधलेला रबरी पट्टा ओढताना घाम फुटायचा. दुखणं लवकर सरलं, भीती मात्र चिवट. हात खांद्याच्या वर न्यायची वेळ आली की आपोआप थबकायचा. रात्री झोपतानाही ती उजव्या कुशीवर वळायची नाही. डेपोत बसून करायचं काम मिळालं होतं, म्हणून तिनं घाई केली नाही.

एका सकाळी वच्छलाबाईनं तिला हलवलं. "कावून गं, उठायचं न्हाई का आज?"

शिवकन्यानं डोळे उघडले. ती उजव्या कुशीवर होती, हात उशीखाली वर गेलेला. तिनं श्वास रोखला. हळूच हात हलवला. खांदा जागच्या जागी.

"आई, लई गाढ झोप लागली व्हती," ती हसत म्हणाली आणि त्याच कुशीवर आणखी थोडा वेळ पडून राहिली.