पुढे पळवलेला सीन

तो माणूस आठवला की आजही मला स्वतःचाच संताप येतो.

इथे आखातात, अदलिया भागातल्या आमच्या फिल्म क्लबमध्ये तो एकदाच आला, शेजारच्या हूरा भागातल्या एका दुकानात लावलेली आमची जाहिरात वाचून. रत्नागिरीकडचा, पन्नाशीचा. सेफ्टी शूज दाराबाहेर काढून मागच्या खुर्चीत बसला; तळवे गुडघ्यांवर, नजर पडद्यावर.

सिनेमा तैवानचा होता. सुरुवातीला मी दहा मिनिटं भाषण ठोकलं: तिथल्या कलात्मक सिनेमाला यातल्या मुख्य नटानं काय दिलं, तर नुसतं थांबणं! मग पडद्यावर तो नट बसस्टॉपवर उभा राहिला आणि उभाच राहिला. आमची शिकलीसवरली इंजिनिअर मंडळी हसायला लागली. "यल्ला, चल, पुढे घे रे, हा काहीच करत नाहीये!" मीही हसलो आणि रिमोटनं सीन पळवला.

"मागे घ्या!" तो ताडकन उठला. "काही करत नाही? मी मआमीरला कारखान्यात फायर वॉचर आहे. वेल्डिंग चालतं तिथे ठिणग्यांवर नजर ठेवून दिवसभर उभा असतो. काही झालं नाही, म्हणजे माझं काम झालं. त्या माणसाचे खांदे बघितलेत काय? बस दिसली की वर व्हायचे, गेली की पडायचे."

"चाचा, बसा ना," कुणीतरी म्हणालं.

तो बसला नाही. दारात बुटांच्या नाड्या बांधताना माझ्याकडे न बघता म्हणाला, "थांबण्याचं मोल तुम्हीच सांगितलंत, साहेब. मी खरं मानलं."